पाकिटाच्या आधीचा खर्च बघा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: विधानसभेच्या वेळी तुमच्या वस्तीत दोन उमेदवारांच्या माणसांनी घरटी पाकिटं वाटली आणि लोकांनी दोघांचीही घेतली. मग पैशाने निवडणूक जिंकता येते असं समजायचं का? खर्चाला 40 लाखांची मर्यादा असताना हे चालतं कसं? आणि तक्रार करून काही होतं का?

मी राज्य शासनाच्या लेखा विभागात नोकरी केली. निवडणूक लागली की माझी नेमणूक बहुधा खर्चाच्या कामावर व्हायची, आधी लेखा पथकात आणि नंतर सहायक खर्च निरीक्षक म्हणून. उमेदवाराने लिहिलेला खर्च आणि आमच्या पथकांनी प्रत्यक्ष पाहिलेला खर्च यांचा ताळमेळ घालायचा, हे ते काम. त्यामुळे खाली जे लिहिते आहे ते टेबलाच्या या बाजूने दिसलेलं आहे. प्रचारात फिरलेल्या कार्यकर्त्याला याच्या पलीकडचंही बरंच माहीत असतं.

आधी पाकिटाचं बघू. पैसे घेतले म्हणजे मत दिलं असं होत नाही, आणि हे वाटणाऱ्यालाही पक्कं ठाऊक असतं. बटण दाबताना बघायला कुणी नसतं. तुमच्याच वस्तीने दोघांचे पैसे घेतले, म्हणजे निदान एकाचे तरी वाया गेले. तरी दोघंही वाटतात, कारण न वाटण्याची भीती मोठी असते. मतदानाच्या आदल्या रात्री गावागावांतून फोन सुरू होतात, "साहेब, समोरच्याचं पोचलं, आपलं कुठे अडलंय?" या प्रश्नापुढे भलाभला उमेदवार टिकत नाही. सायमन शोशार या राज्यशास्त्रज्ञाने मुंबईतल्या निवडणुकांचा अभ्यास करून जवळपास हेच मांडलं आहे: वाटपातून मतांची हमी मिळत नाही, पण सगळेच वाटत असल्यामुळे कुणालाही थांबता येत नाही.

यात एक बारकावा आहे, तो सहसा कुणी सांगत नाही. तुमचं एकट्याचं मत गुप्त आहे, तुमच्या वस्तीचं नाही. मतमोजणी यंत्रागणिक, म्हणजे बूथनिहाय होते आणि नमुना 20 मध्ये प्रत्येक केंद्रावर कुणाला किती मतं पडली हे जाहीर होतं. हजार-बाराशे मतांच्या बूथवर 'माझ्या वस्तीने दिली का' हे उमेदवाराला नेमकं कळतं. पैसे बूथवार जातात ते यामुळेच, आणि नंतर नळाची लाइन किंवा रस्त्याचं डांबर कुठे आधी पडेल तेही याच कागदावरून ठरू शकतं. अनेक यंत्रांची मतं एकत्र मोजणारं टोटलायझर नावाचं यंत्र वापरावं, असा प्रस्ताव निवडणूक आयोगाने 2008 मध्ये दिला होता. विधि आयोगाने 2015 च्या अहवालात त्याला पाठिंबा दिला. तो अजून अमलात आलेला नाही. माझ्या मते वाटपाचं हत्यार बोथट करायला याच्याइतका स्वस्त उपाय दुसरा नाही.

पैशाने निकाल फिरतो की नाही, हे निवडणूक कोणती यावर बरंच अवलंबून आहे. ग्रामपंचायतीच्या प्रभागात चार-पाचशे मतं असतात आणि दहा-वीस मतांनी निकाल लागतो. तिथे दोन वाड्यांना दिलेला पैसा निकाल फिरवू शकतो. विधानसभेला तीन लाखांहून जास्त मतदार असतात. तिथे जात, पक्षाची हवा, उमेदवार दुखल्याखुपल्याला धावून येतो का, या गोष्टी पाकिटापेक्षा भारी पडतात. लोकसभेला तर पैसेवाले सरळ आपटतात, हे आपण सगळ्यांनीच पाहिलंय. बाहेरून आलेल्या उमेदवाराचे हजार रुपये आणि गावातल्याच माणसाचे पाचशे, यांचं वजनही सारखं नसतं.

म्हणून तुमचा प्रश्न मी जरा बदलून घेते. पैशामुळे कोण जिंकलं, याच्या आधी पैशामुळे कोण उभंच राहू शकलं नाही, हे बघायला हवं. 2024 च्या विधानसभा निकालानंतर असोसिएशन फॉर डेमोक्रॅटिक रिफॉर्म्स या संस्थेने 286 आमदारांची शपथपत्रं तपासली, त्यांत 277 कोट्यधीश निघाले. आता जमिनीचे भाव बघता कोटीचा आकडा पूर्वीइतका मोठा राहिलेला नाही, हे मान्य. तरीसुद्धा शाळामास्तर, आशाताई, दोन एकरांचा शेतकरी, युनियनमधला कामगार यांना तिकीट मागायला गेल्यावर पहिला प्रश्न "किती लावू शकता?" असाच येतो. निवड तिथेच होऊन गेलेली असते. मतदार ज्या यादीतून निवडतो ती यादी पैशाने आधीच चाळलेली असते.

आता मर्यादेकडे वळते. जानेवारी 2022 पासून महाराष्ट्रात विधानसभेला 40 लाख आणि लोकसभेला 95 लाख अशी मर्यादा आहे. गोव्यात तीच 28 आणि 75 लाख. लोकप्रतिनिधित्व कायदा, 1951 च्या कलम 77 प्रमाणे हिशेब अर्ज भरल्याच्या दिवसापासून निकालाच्या दिवसापर्यंतचा ठेवायचा. उमेदवाराला वेगळं बँक खातं उघडावं लागतं, आणि एका माणसाला किंवा दुकानाला सबंध निवडणुकीत 10,000 रुपयांपेक्षा जास्त रोख देता येत नाही. नोंदवहीचे तीन भाग असतात. पांढऱ्या पानांवर रोजचा खर्च, गुलाबी पानांवर रोकड आणि पिवळ्या पानांवर बँक. प्रचाराच्या काळात किमान तीनदा ती तपासायला आणावी लागते.

आमच्या बाजूला असायचं शॅडो रजिस्टर, म्हणजे आमच्या पथकांना दिसलेल्या खर्चाची आमची वेगळी नोंदवही. सभा असली की व्हिडिओ पथक जातं. तो माणूस चित्रीकरण करता करता बोलत असतो: तारीख, ठिकाण, गाड्यांचे नंबर, मंडप अंदाजे किती बाय किती, खुर्च्या किती, जनरेटर आहे का. संध्याकाळी कचेरीत ते चित्रीकरण बघून आम्ही जिल्हा निवडणूक अधिकाऱ्यांच्या दरपत्रकाप्रमाणे रक्कम लावायचो. दरपत्रकात चहा, वडापाव, थाळी, फेटा, हार, गाडीचं दिवसाचं भाडं, सगळ्याचे दर ठरलेले. एका सभेचा वाद चांगला आठवतो. उमेदवाराच्या प्रतिनिधीने लिहून आणल्या होत्या 500 खुर्च्या. चित्रीकरणात एका रांगेत 40 दिसत होत्या आणि रांगा भरत होत्या 45. "बाकीच्या गावकऱ्यांनी समाजमंदिरातून आणल्या," हे त्यांचं म्हणणं. आम्ही चित्रीकरण थांबवून रांगा पुन्हा मोजल्या, नोटीस निघाली, लेखी खुलासा आला, शेवटी 1,800 खुर्च्या चढल्या. खुर्चीला बारा रुपये धरले तरी हा सगळा वाद पंधरा-सोळा हजारांचा. त्याच आठवड्यात त्या मतदारसंघात रात्री काय फिरत होतं ते गावातल्या पोरासोरांनाही माहीत होतं, आणि ते आमच्या कुठल्याच पानावर चढलं नाही. पथकं आळशी होती असं अजिबात नाही. मंडळी रात्र रात्र नाक्यावर उभी असायची. पण मंडप डोळ्यांना दिसतो, खिशातलं पाकीट दिसत नाही.

मर्यादा मुळात कितपत पुरते तेही बघा. 2024 ला महाराष्ट्रात 288 मतदारसंघांत मिळून 1,00,186 मतदान केंद्रं होती, म्हणजे मतदारसंघामागे सुमारे 350. 40 लाखांना 350 ने भागलं तर एका बूथला साडेअकरा हजारांच्या आसपास येतात, तेही सबंध प्रचारासाठी. समजा बूथवर दहा माणसं बारा दिवस राबली आणि जेवण, पेट्रोल, रोज धरून माणशी 500 रुपये लागले, तर बूथचे साठ हजार होतात आणि मतदारसंघाचे दोन कोटींच्या वर जातात. यात वाटपाचा एक रुपयाही नाही. ज्याच्याकडे पदरमोड करून राबणारी माणसं आहेत त्याला 40 लाख पुरतील. इतरांचा हिशेब पहिल्या दिवसापासून खोटा असतो. गोपीनाथ मुंडे यांनी 2013 साली मुंबईतल्या एका कार्यक्रमात, आपण 2009 च्या लोकसभेला 8 कोटी खर्च केल्याचं बोलून दाखवलं होतं. तेव्हा मर्यादा 25 लाख होती. आयोगाने नोटीस काढली, पुढे अपात्रता वगैरे काही झालं नाही. तो आकडा ऐकून राजकारणातल्या कुणालाही धक्का बसला नव्हता. जिंकलेल्या उमेदवारांनी भरलेला सरासरी खर्च मात्र दर निवडणुकीत मर्यादेच्या बराच खाली असतो.

खर्च मर्यादेबाहेर ठेवायच्या तीन वाटा मला कायम दिसल्या. पहिली तारखेची. हिशेब अर्ज भरल्यापासून सुरू होतो. त्याआधीची दोन वर्षं देवदर्शनाच्या बसगाड्या, दिवाळीचं किट, हळदीकुंकवाच्या साड्या, क्रिकेटचे चषक, मंडळांच्या वर्गण्या यांची मोजदाद कुठेच नाही. आधी छापून ठेवलेलं साहित्य नंतर वापरलं तर ते धरलं जातं, पण आधीच जेवून गेलेली पंगत कोण धरणार? दुसरी वाट रोखीची, ती वर आलीच. तिसरी वाट कायद्यानेच दिलेली आहे, ती म्हणजे पक्षाचा खर्च.

याला इतिहास आहे. 1971 च्या लोकसभेला दिल्लीच्या सदर मतदारसंघात झालेल्या लढतीवरून खटला झाला. कंवरलाल गुप्ता विरुद्ध अमरनाथ चावला. ऑक्टोबर 1974 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की पक्षाने उमेदवारासाठी केलेला खर्च उमेदवाराच्याच खात्यात धरला पाहिजे, नाहीतर मर्यादेला अर्थ उरत नाही. सरकारने त्याच महिन्यात वटहुकूम काढून हा निकाल निष्प्रभ केला आणि मग संसदेत तसा कायदा करून घेतला. 2003 मध्ये ही सूट आवळली. आता उमेदवाराच्या संमतीने दुसऱ्याने केलेला खर्चही त्याच्या नावावर चढतो. पण स्टार प्रचारकांचा प्रवास, विमान-हेलिकॉप्टरसह, बाहेरच राहतो. मान्यताप्राप्त पक्षाला असे 40 प्रचारक नेमता येतात. पक्षाने स्वतःच्या प्रचारावर किती खर्च करावा याला तर आजही मर्यादाच नाही. हिशेब तेवढा विधानसभेनंतर 75 आणि लोकसभेनंतर 90 दिवसांत द्यायचा. उमेदवाराच्या खुर्च्या मोजायच्या आणि पक्षाला मोकळं रान द्यायचं, हे मला नोकरीत असतानाही पटत नव्हतं, आजही पटत नाही. उमेदवाराची मर्यादा खऱ्या खर्चाच्या जवळ आणा, हवी तर दुप्पट करा, पण पक्षालाही मर्यादा घाला आणि मोजणी किमान वर्षभर आधीपासून सुरू करा.

हा पैसा येतो कुठून? वरच्या पातळीवर 2018 ते 2024 निवडणूक रोखे होते, म्हणजे बँकेतून विकत घेऊन पक्षाला देणगी म्हणून द्यायचे कागद. देणाऱ्याचं नाव मतदाराला कळत नव्हतं, आणि कंपन्यांवर आधी असलेली नफ्याच्या साडेसात टक्क्यांची अटही 2017 च्या वित्त कायद्याने काढून टाकली होती. 15 फेब्रुवारी 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी हे दोन्ही रद्द केलं. पक्षाला पैसा कोण देतं हे जाणणं मतदाराचा हक्क आहे, असं सांगितलं. निकाल मोठा आहे. तालुक्याच्या पातळीवर मात्र रोख्यांमुळे काही बदललं नव्हतं आणि ते गेल्यामुळेही बदललं नाही. तिथे रस्त्याचा ठेकेदार गाड्या देतो, वाळूवाला डिझेल भरतो, बिल्डर मंडप आणि जेवण उचलतो, पतसंस्थेतून कुणाच्या तरी नावावर कर्ज निघतं. हे सगळं देणं शेवटी मतदारसंघाला फेडावं लागतं. टेंडर कुणाला सुटलं, बिल किती दिवसांत निघालं, रस्त्याची जाडी कुणी मोजली नाही, या गोष्टींत ते फिटतं.

लोकशाहीचं त्याहून मोठं नुकसान मला दुसरीकडे दिसतं. पैसे वाटून निवडून आलेला माणूस पुढे लोकांना सरळ विचारतो, "फुकट मत दिलंत का?" तुमच्या वस्तीत पाण्याचा प्रश्न घेऊन बाया गेल्या आणि हे ऐकून परत आल्या, तर त्यांचं पाचशे रुपयांपेक्षा कितीतरी जास्त गेलेलं असतं. जाब विचारण्याचा हक्कच गेला. नाशिक जिल्ह्यात उमराणे आणि नंदुरबार जिल्ह्यात खोंडामळी इथे सरपंचपदाचा लिलाव झाल्याचं उघड झाल्यावर राज्य निवडणूक आयोगाने जानेवारी 2021 मध्ये तिथल्या ग्रामपंचायत निवडणुका रद्द केल्या. उमराण्याची बोली दोन कोटींच्या पुढे गेली होती. पैसा मंदिरासाठी होता, गावाच्या भल्याचा होता, भांडणं टळली, अशी समर्थनं तेव्हा बरीच ऐकली. मला ती पटली नाहीत. बोली लावू न शकणाऱ्या माणसाचं आणि ज्यांना मतच देता आलं नाही त्या सगळ्यांचं गावातलं स्थान त्या दिवशी काय राहिलं?

आता तक्रारीचं. होतं, पण कुठे आणि कधी ते समजून घ्या. आचारसंहितेच्या काळात निवडणूक आयोगाच्या सी-व्हिजिल ॲपवरून फोटो किंवा दोन मिनिटांपर्यंतचा व्हिडिओ पाठवता येतो. ठिकाण आपोआप जातं, नाव न देण्याची सोय आहे, आणि शंभर मिनिटांत कार्यवाही व्हावी अशी रचना आहे. मात्र चित्रीकरण ॲपमधूनच करावं लागतं. गॅलरीतला जुना व्हिडिओ चालत नाही. 'आमच्याकडे वाटप चालू आहे' एवढंच कळवलं तर भरारी पथक पोचेपर्यंत गल्ली रिकामी झालेली असते. घराची खूण, गाडीचा नंबर, कुणाच्या हातात याद्या आहेत, हे दिलंत तर पथकाला काही धरता येतं. स्वतःच्या जिवाला जपून करा. छोट्या गावात कुणी कळवलं ते लपत नाही.

पकडलं तर पुढे काय? लाच देणं आणि घेणं, दोन्ही गुन्हे आहेत. भारतीय न्याय संहितेच्या कलम 173 प्रमाणे एक वर्षापर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही. सापडतो तो बहुतेक वेळा वस्तीतला एखादा पोरगा. उमेदवाराची निवड रद्द करायची तर त्याच्या किंवा त्याच्या निवडणूक प्रतिनिधीच्या संमतीने वाटप झालं हे न्यायालयात सिद्ध करावं लागतं, आणि गाडी तिथेच अडते. मोठा पुरावा हाती लागला तर आयोग कडक पावलं उचलतो, हेही खरं. तामिळनाडूत 2017 मध्ये आर. के. नगरची पोटनिवडणूक आणि 2019 मध्ये वेल्लोरची लोकसभा निवडणूक पैशांच्या वापरामुळे मतदानाआधीच रद्द झाली होती. वेल्लोरला सुमारे 11 कोटींची रोकड वॉर्डवार वेगळी बांधलेली सापडली होती. वॉर्डाच्या चिठ्ठ्या होत्या म्हणून तो पैसा वाटपाचा आहे हे दाखवता आलं. नुसती रोकड सापडली असती तर व्यापाराची आहे म्हणून ती सुटली असती.

तुम्ही सामान्य मतदार म्हणून करू शकाल अशी एक गोष्ट आहे आणि ती फार थोडे लोक करतात. उमेदवाराने निकालानंतर 30 दिवसांत जिल्हा निवडणूक अधिकाऱ्याकडे हिशेब द्यायचा असतो. हा हिशेब कुणालाही बघता येतो. निवडणुका घेण्याच्या 1961 च्या नियमांप्रमाणे पाहण्याची फी एक रुपया आहे, आणि ठरलेली फी भरून साक्षांकित प्रती मिळतात. जोडीला उमेदवाराचं नमुना 26 मधलं शपथपत्र काढा. त्यात मालमत्ता आणि कर्जांबरोबर उमेदवाराची, जोडीदाराची आणि अवलंबितांची सरकारी कंत्राटंही लिहावी लागतात. मग गावात प्रत्यक्ष झालेल्या सभा, फिरलेल्या गाड्या, उठलेल्या पंगती यांच्याशी तो हिशेब ताडून बघा.

मतदारालाही उच्च न्यायालयात निवडणूक याचिका दाखल करता येते, पण ती निकालापासून 45 दिवसांच्या आत. उमेदवार हिशेब देतो तिसाव्या दिवशी, त्यामुळे प्रती काढणं, ताडून बघणं, वकील गाठणं या सगळ्याला जेमतेम पंधरा दिवस उरतात. तेवढ्यात पुरावा गोळा होत नाही. म्हणून पुढच्या निवडणुकीला अर्ज भरल्याच्या दिवसापासूनच वस्तीतल्या दोघा-तिघांनी मिळून एक वही ठेवा. तारीख, जागा, अंदाजे माणसं, गाड्यांचे नंबर, जेवण कुठे होतं आणि आचारी कोण होता, एवढं रोज लिहायचं. छापील पत्रक हाती आलं की जपून ठेवा. त्यावर मुद्रक आणि प्रकाशकाचं नाव-पत्ता असणं लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम 127 अ प्रमाणे बंधनकारक आहे, नसेल तर तीच पहिली तक्रार. प्रचार चालू असतानाच ही वही मतदारसंघाच्या खर्च निरीक्षकांना दाखवा. त्यांचा फोन नंबर आणि भेटीची वेळ जाहीर केलेली असते.